कोणतं बेट ठेवायचं?

"बाबांनी कोंबड्यांना दाणे टाकलेत," वेन्ला म्हणाली आणि लापशीत मुरंबा कालवत राहिली.

साइलाला आधी वाटलं, पोरीला घरची आठवण आलीय. पण राउमा शहरातल्या त्यांच्या घरी कोंबड्या कुठल्या? तिसऱ्या मजल्यावरचा फ्लॅट तो, साधं मांजर पाळायचीही सोय नव्हती.

"कुठल्या कोंबड्या गं?"

"आपल्या बेटावरच्या. मला वाटलं, उपाशी मेल्या असतील. पण बाबांनी सांभाळल्यात. दारात पाटी पण लावलीय त्यांनी."

टेबलाच्या दुसऱ्या टोकाला दोन बायका राय धान्याच्या पावावर लोणी लावत हळू आवाजात बोलत होत्या. रेडिओवर हवामान सांगत होते. शनिवारची सकाळ होती आणि मार्चचं ऊन बाहेरच्या बर्फावर आपटून आत येत होतं. तिनं आवाज शक्य तितका साधा ठेवला. "बघू, दाखव मला."

"आधी लापशी संपव म्हणालीस ना?"

"राहू दे लापशी. चल."

कुओपिओ शहरातल्या त्या घराचा पत्ता बाहेर कुणाला ठाऊक नव्हता. नवऱ्याच्या भीतीनं पोरंबाळं घेऊन निघालेल्या बायकांचा तो निवारा. दारावर नाव नाही, घंटीवर नाव नाही. साइला आली त्याच दिवशी तिथली व्यवस्था बघणाऱ्या पिर्योनं तिचा फोन काढून घेतला होता, बंद करून पाकिटात घातला होता आणि नवा, साधा फोन हातात दिला होता. बॅगांचे कप्पे तपासले, वेन्लाच्या अस्वलाच्या पोटातली शिवणसुद्धा चाचपली. शेवटी हातात धरून खेळायचा तो छोटा कन्सोल वर आला. "हा हिचा गेम," साइला म्हणाली होती. "बरं, पोरीला काहीतरी विरंगुळा हवाच," असं म्हणत पिर्योनं तो परत बॅगेत सारला. नेट बंद होतं, म्हणून साइलानंही मनावर घेतलं नाही.

आणि हे तिनं करावं! सहा वर्षं तिची रोजीरोटीच ती होती. याच बेटाचा गेम बनवणाऱ्या कंपनीच्या मदतकेंद्रात ती फोन घ्यायची. कुणाचा सेव्ह उडालेला असायचा, कुणाच्या मुलानं पुसलेला असायचा, कुणी नवा कन्सोल घेतला तर जुनं बेट त्यात येत नसायचं. मोठमोठी माणसं रडायची फोनवर. ती सगळ्यांना सांगायची, की तुमचा खेळ जिथवर आला त्याची एक नोंद यंत्रात असते आणि गेम बंद केला की तिची प्रत नेटवरून वर, तुमच्या अकाउंटवर जाते. दुसऱ्या यंत्रावर गेम उघडला की तीच प्रत खाली उतरते. पण तेवढ्यावर विसंबू नका, एक प्रत आणखी कुठेतरी ठेवा. हे वाक्य ती झोपेतही म्हणत असेल.

पण घरचं अकाउंट नवऱ्याच्या, सामुलीच्या नावावर होतं. घरचं सगळंच सामुलीच्या नावावर होतं. फोन, बँक, गाडी, दाराच्या कुलपाचा नंबर. त्याला हात उगारावा लागत नसे. तो नुसता दारात उभा राहायचा, बाजूला व्हायचा नाही. शेवटच्या भांडणात ती म्हणाली होती, की मी निघून जाईन. त्यावर तो हसला होता. "जा की. मी कशाला शोधत बसू? तूच सांगशील मला, कुठे आहेस ते."

खोलीत आल्यावर वेन्लानं वरच्या पलंगावरून कन्सोल काढला. कोपऱ्यात वायफायची खूण दिसत होती.

"हे कुणी जोडलं?"

"मीच. पासवर्ड फ्रिजवर चिकटवलाय." वेन्ला आठ वर्षांची होती. वाचायला लागल्यापासून ती दिसेल ते वाचत सुटायची.

साइलानं आधी वायफाय बंद केलं. मग विमानाची खूण दाबली. मग बेट उघडलं.

लाटांचा ओळखीचा आवाज आला. छोटं बेट, बर्चची झाडं, लाल घर, धक्क्याला बांधलेली होडी. दारात खरंच पाटी होती. 'वेन्ला, कोंबड्यांची काळजी करू नकोस, मी आहे. तिकडे बर्फ आहे का अजून? खिडकीतून काय दिसतं? इथेच लिही. आईला सांगू नकोस, ती दमलीय.'

आणि त्या पाटीखाली दुसरी, वेन्लाची. 'हो खूप बर्फ आहे. मला वरचा पलंग मिळाला. खिडकीतून डोंगरावरचा उंच मनोरा दिसतो. तुम्ही कधी येणार?'

साइलानं मान वळवली. बर्फानं लदलेल्या झाडांच्या डोक्यावरून पुइयोचा मनोरा उभा होता. आख्ख्या फिनलंडमध्ये शेंबडं पोरही सांगेल, की हा मनोरा कुओपिओचा.

"मी सांगितलं ना तुला शेवटी," वेन्ला घाईनं म्हणाली. "बाबा म्हणाले नको सांगूस, तरी सांगितलं."

"हो गं राणी. बरं केलंस. हे लिहिल्यावर गेम बंद केलास का?"

"तूच हाक मारलीस ना, लापशी गार होतेय म्हणून. मग केला बंद."

साइलानं सेव्हच्या यादीत जाऊन पाहिलं. 'प्रत वर गेली : आज सकाळी.'

ती पुन्हा बेटावर आली. आता तिला बाकीचंही बघायचं होतं. सामुलीनं इथे काय काय केलंय? टेकडीच्या पायथ्याशी तिचं स्वतःचं काचघर होतं, टोमॅटोचं. ते नव्हतं. जागा साफ करून त्यावर वाळू पसरलेली, दाताळं फिरवून नीट सपाट केलेली. जणू तिथे कधी काही नव्हतंच. लाल घरात, वेन्लाच्या खोलीत, सामुलीचं माणूस उभं होतं. निळा स्वेटर घातलेलं. गेम बंद करताना जिथे सोडावं तिथेच ही माणसं उभी राहतात. सामुलीनं आपलं माणूस वेन्लाच्या पलंगाला अगदी चिकटून, उशीकडे तोंड करून उभं केलं होतं.

"बाबा माझ्यावर लक्ष ठेवतायत," वेन्ला म्हणाली. मग जरा वेळानं, "पण मला तिथे झोपावंसं वाटत नाही."

पिर्यो खाली ऑफिसात कॉफी ओतत होती. साठीला आलेली, जाडजूड, सावोकडची बाई. त्या मुलखातल्या माणसांना कुणी 'पाऊस पडतोय का' विचारलं, तर ती म्हणतात, 'पडतही असेल, नसेलही.' पण साइलाचं बोलणं ऐकताना तिनं एकही फाटा फोडला नाही. कन्सोल बघितला, पाटी वाचली, पोलिसांना फोन लावला. बोलून झाल्यावर फोन छातीशी धरून म्हणाली, "ते विचारतायत, त्यानं वाचलंय का?"

"माहीत नाही."

"कळायला काही मार्ग?"

साइला खुर्चीच्या कडेवर टेकली. मार्ग होता. कंपनीत असताना तिनं तो हजार वेळा समजावून सांगितला होता, पण तेव्हा त्यात जीव जाण्यासारखं काही नव्हतं.

"मी हा सेव्ह बदलून पुन्हा नेटला जोडला, तर दोनच गोष्टी होतील," ती म्हणाली. "त्यानं सकाळपासून बेट उघडलं नसेल, तर माझी प्रत गुपचूप वर जाईल आणि पोरीनं लिहिलेलं पुसलं जाईल. त्याला कधीच दिसणार नाही. पण त्यानं उघडून काही केलं असेल, तर दोन वेगवेगळे सेव्ह समोरासमोर येतील. मग हे विचारतं, की कोणतं बेट ठेवायचं."

"आणि तसं विचारलं, म्हणजे त्यानं वाचलंय."

"हो."

"मग थांबलीयस कशाला?"

"जोडलं की वेन्लाच्या नावापुढे हिरवा ठिपका लागतो. तो बघत असेल तर त्याला कळेल, की आम्ही अजून इथेच आहोत."

पिर्योनं कॉफीचा कप खाली ठेवला. "इथे तुझ्याखेरीज चार आया आहेत, साइला, आणि त्यांची पोरं. तो येणार असेल तर मला आत्ता कळायला हवं. नसेल येणार, तर सगळ्यांना कशाला बर्फात काढू? राउमाची गस्त त्याच्या घरी जातेय, पण त्यांचा निरोप कधी येईल कोण जाणे." मग आवाज उतरवून ती म्हणाली, "तू म्हणशील तसं. हे तुला कळतं, मला नाही."

"पाटीवर दुसरंच काही लिहिलं तर?" साइला स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाली. "समुद्र दिसतो म्हणून? तो किनाऱ्याकडे शोधत बसेल." पण वेन्ला दारात उभी होती, दोन्ही हातांनी अस्वल धरून. तिच्या नावानं, तिच्या अक्षरांत बापाशी खोटं बोलायचं? साइलाला ते जमेना. तिनं मान हलवली. "नको. नुसतं पुसते."

आधी मात्र तिला दुसरी प्रत हवी होती. एकदा नेट जोडलं की काय होईल याचा भरवसा नव्हता. सामुलीनं वरची प्रत पुसली, अकाउंटच बंद केलं, तर तीन वर्षांचं बेट एका दमात जाणार. कन्सोल फेकून दे, असं तिला एकदा वाटून गेलं, बर्फात फेकून टाच मारावी. पण घरातून निघताना पोरीनं दुसरं काही मागितलं नव्हतं. ना फ्रॉक, ना पुस्तकं.

"पिर्यो, मेमरी कार्ड आहे का? कॅमेऱ्यात घालतात तसलं?"

पिर्योनं ऑफिसच्या कॅमेऱ्यातलं कार्ड काढून दिलं. "ख्रिसमसचे फोटो आहेत त्यात. माझे जास्त वाईट आलेत, ते उडाले तरी चालतील."

गेमच्या आतल्या एका कोपऱ्यात 'बेट कार्डावर घ्या' अशी सोय होती. लोक फोनवर रडायचे म्हणूनच कंपनीनं ती केली होती. कार्डावरच्या बेटाला अकाउंट लागत नाही. कुठल्याही नव्या यंत्रावर, नव्या नावानं ते उघडतं. फक्त एकच माणूस सोबत नेता येतं. साइलानं वेन्लाकडून दोन्ही पाट्या काढवून घेतल्या, म्हणजे पोरीला चोरी झाल्यासारखं वाटू नये. मग पडद्यानं विचारलं, सोबत कोण येणार?

"मी," वेन्ला म्हणाली. "आणि बाबा?"

"एकालाच नेता येतं."

वेन्लाचं बोट दोन्ही माणसांवरून फिरत राहिलं. साइलाला ओरडावंसं वाटत होतं, चल लवकर, पण तिनं ओठ आवळून धरले. शेवटी पोरीनं आपल्या माणसावर बोट ठेवलं. पट्टी सरकत गेली. प्रत झाली. साइलानं कार्ड काढून ब्लाउजच्या आत घातलं.

आता राहिलं ते नेट जोडणं. तिनं गेम बंद केला. विमानाची खूण काढली. वायफाय जोडलं.

कोपऱ्यात हिरवा ठिपका लागला. साइला त्याच्याकडे बघत राहिली. इकडे आपण बघतोय, तिकडे तो बघतोय. मध्ये पाच तासांचा रस्ता आहे, सरोवरं आहेत, जंगलं आहेत, आणि तरी तो या टेबलाशी येऊन उभा राहिल्यासारखा वाटतोय. बाण फिरायला लागला. फिरतोय, फिरतोय. गुपचूप वर जा, ती मनात म्हणत होती. बाबा रे, एकदाच, गुपचूप वर जा.

पडदा पांढरा झाला आणि त्यावर शांत, गोल अक्षरं आली. 'दोन बेटं सापडली. कोणतं बेट ठेवायचं?'

पिर्योनं तिच्या खांद्यावर हात ठेवला.

डावीकडे त्यांच्या बेटाचं छोटं चित्र होतं. उजवीकडे सामुलीच्या. उजव्या चित्रात निळ्या स्वेटरचं माणूस पलंगापाशी नव्हतं. ते दारात, वेन्लाच्या पाटीसमोर उभं होतं आणि शेजारी एक नवी पाटी होती. चित्र इतकं बारीक, की त्यावरचं काही वाचता येत नव्हतं. खाली लिहिलं होतं, काही मिनिटांपूर्वी.

"म्हणजे वाचलंय," पिर्यो म्हणाली. "पण काही मिनिटांपूर्वी तो खेळत होता, म्हणजे घरीच आहे. तू सांगितलेलं ते टीव्हीला जोडायचं यंत्र काही कुणी गाडीत घालत नाही. पाच तास आहेत आपल्याकडे."

साइलानं वाकून पाहिलं. वेळेच्या शेजारी एक चिमुकली खूण होती. सेव्ह कुठल्या यंत्रावरून आला ते सांगणारी. फोन करणारी माणसं तिच्याकडे कधी लक्ष देत नसत. तीच त्यांना सांगायची, की बघा, टीव्हीचं चित्र असेल तर घरातला, आणि उभा आयत असेल तर...

उभा आयत होता.

"फोनवरून खेळलाय तो," साइला म्हणाली. तिला स्वतःचाच आवाज लांबून आल्यासारखा वाटला. "तो घरी नाही, पिर्यो. कुठेही असेल. आज सकाळी निघालाय की काल रात्रीच निघालाय, देव जाणे."

"मला बघू दे ना, बाबांनी काय लिहिलंय," वेन्ला मध्ये घुसली. तिचं बोट उजव्या चित्राकडे गेलं. "त्यांचं बेट घे. आई, त्यांचं बेट घे ना!"

साइलानं कन्सोल तिच्या हाताखालून ओढून घेतला आणि बटण दाबून धरलं. पडदा काळा झाला. प्रश्न तसाच अनुत्तरित राहिला. त्या पाटीवर काय होतं ते तिला कधीच कळलं नाही. ते न कळण्यानं पुढे तिची बरीच झोप खाल्ली.

त्याच वेळी पिर्योचा फोन वाजला. राउमाच्या गस्तीला घर बंद मिळालं होतं. गाडी जागेवर नव्हती.

मग मात्र सगळं भराभर झालं. दोन पोलिसांची गाडी मागच्या दाराला लागली. बाकीच्या आया पोरांना कोट चढवत होत्या. त्यांच्यासाठी वेगळी गाडी येत होती. एकीनं जाता जाता साइलाकडे पाहिलं. साइलाला वाटलं, ही आता काहीतरी बोलेल, तुझ्यामुळे म्हणेल. पण ती बाई नुसतं म्हणाली, "माझा तर माझ्या आईलाच फोन करून विचारत बसायचा," आणि पोराच्या टोपीचे बंद बांधायला लागली.

"तुम्ही दोघी मागे आडव्या व्हा," पोलिसांतली तरुण बाई म्हणाली. "गाव सुटेपर्यंत."

वेन्ला आईच्या पोटाशी मुटकुळं करून पडली. वर काचेतून फक्त आकाश आणि झाडांचे शेंडे सरकत होते. एका वळणावर मनोरा दिसला. साइलाला तो आता उंचावरून वाकून बघणाऱ्या माणसासारखा वाटला. सिग्नलला शेजारी कुठली तरी गाडी येऊन थांबली. तिच्या इंजिनाचा आवाज सामुलीच्या गाडीसारखाच, जरा घोगरा. साइलानं पोरीचं डोकं कोटाखाली घेतलं. गाड्या हलल्या. ती कुठली गाडी होती, कुणाची होती, बघायला तिनं मान उचलली नाही.

"आई, तुझं पोट धडधडतंय," वेन्ला कुजबुजली.

"हो. मलाही भीती वाटते कधी कधी."

"बाबांची?"

साइला सहसा याचं उत्तर टाळायची. या खेपेला तिनं टाळलं नाही. "हो," ती म्हणाली. "बाबांची."

कोटाच्या आत वेन्लाच्या बोटांनी आईचं बोट शोधलं आणि धरलं.

सामुली त्याच दुपारी सापडला. कुठे, ते पिर्योनं फोनवर सांगितलं. तो रस्त्यांवर फिरत नव्हता, की दारं ठोठावत नव्हता. तिकीट काढून तो मनोऱ्यावर गेला होता आणि वरच्या सज्जात दुर्बीण घेऊन उभा होता. खिडकीतून मनोरा दिसतो, तर मनोऱ्यावरून खिडकी दिसणारच. पोलीस वर पोचले तेव्हा तो शांतपणे एकेक आळी तपासत होता. त्याच्या खिशात कागदावर त्या बाजूच्या घरांचा नकाशा अर्धा काढून झालेला होता.

"काय म्हणाला तो?" साइलानं विचारलं.

"म्हणाला, पोरीनंच बोलावलं मला," पिर्यो म्हणाली. "खरं खोटं तोच जाणे. तुला सांगावं की नको, असं झालं होतं मला. पण कोर्टात तू ऐकणारच होतीस."

कोर्टानं त्याला दोघींच्या जवळपासही फिरकायची मनाई केली. मनाई म्हणजे कागद. साइलाला ते माहीत होतं. दुसऱ्या गावात, ज्याचं नाव ती अजूनही कुणाला सांगत नाही, तिनं दोन खोल्यांचं घर घेतलं. जुना कन्सोल पोलिसांकडेच राहिला. वसंतात नवा आणला, नवं अकाउंट काढलं, या वेळी स्वतःच्या नावावर, आणि कार्ड आत सरकवलं. बेट उघडलं. लाल घर, होडी, कोंबड्या, सगळं जागच्या जागी. निळ्या स्वेटरचं माणूस नव्हतं. वेन्लानं सगळ्या खोल्या बघितल्या, कोठार बघितलं, टेकडीमागेही जाऊन आली.

"बाबा कुठेच नाहीत," ती म्हणाली आणि हमसून हमसून रडली. नंतर आठवडाभर आईशी धड बोलली नाही. एकदा म्हणाली, "तू मला सांगितलं असतंस, की ते कायमचे जाणार, तर मी विचार केला असता." साइलानं मान्य केलं. तिनं समजूत घालायचा प्रयत्न केला नाही, कारण पोरगी खोटं बोलत नव्हती.

पानगळ सुरू झाली तेव्हा वेन्लाच्या वर्गात ऐल्ली नावाची मुलगी आली. दात पडलेली, बडबडी. तिचंही बेट होतं. "माझ्याकडे बटाटे आहेत," ती एक दिवस दारातच म्हणाली. "वेन्लाकडे नाहीत. नेट जोडलं तर मी होडीनं तिच्या बेटावर घेऊन येऊ शकते."

साइला नाही म्हणणार होती. शब्द ओठांवर आला होता. त्या घरात वायफाय होतं, पण गेमला तिनं ते कधी जोडलेलं नव्हतं. दोन्ही पोरी तिच्या तोंडाकडे बघत होत्या.

तिनं कन्सोल घेतला. आधी प्रत काढली, कार्डावर एक आणि दुसऱ्या कार्डावर आणखी एक. अकाउंटवर दुसरं कुणी आहे का ते पाहिलं. अनोळखी माणसांना दार बंद आहे ना ते पाहिलं, मग पुन्हा एकदा पाहिलं. ऐल्ली कंटाळून म्हणाली, "तुझी आई किती वेळ लावते गं!"

"लावते," वेन्ला म्हणाली. "लावू दे."

साइलानं पासवर्ड टाकला आणि दोघींच्या मध्ये गादीवर बसली. तासभर ती तिथून हलली नाही. धक्क्यावर होडी लागली आणि तिच्यातून पिवळ्या टोपीचं एक माणूस उतरलं, पाठीवर पोतं घेऊन.

"कुठे लावू?" ऐल्लीनं विचारलं.

"त्या टेकडीखाली," वेन्ला म्हणाली. "तिथे नुसती वाळू आहे बघ. आधी ती काढायला लागेल."